न जाळता, न गोठवता

नागपूरच्या फुटाळा तलावाच्या काठावर सकाळी फिरताना शेजारच्या काकांनी विचारलं, "हृदयाला करंट लावून जाळतेत म्हणे, खरं का जी?" काकूंना एट्रियल फिब्रिलेशन, म्हणजे हृदयाच्या वरच्या कप्प्यांची बेताल थरथर आहे; मनगट धरलं की नाडीला ताल सापडत नाही.

असे भलते ठोके बहुधा कुठून सुटतात, ते 1998 मध्ये बोर्दोच्या मिशेल हाइसाग्वेर यांच्या चमूनं दाखवलं: फुप्फुसांकडून डाव्या अलिंदात (हृदयाच्या वरच्या डाव्या कप्प्यात) येणाऱ्या शिरांच्या तोंडाशी. म्हणून मांडीच्या शिरेतून कॅथेटर, म्हणजे बारीक लवचीक नळी, वर न्यायची आणि त्या तोंडांभोवती मेलेल्या पेशींचं कुंपण घालायचं. आतली खोडसाळ वीज कुंपणाबाहेर येत नाही.

कुंपणाच्या पद्धती तीन. रेडिओफ्रिक्वेन्सीत करंटनं पेशी तापवून मारतात. त्या साधारण 50 अंशांना कायमच्या मरतात (मे महिन्यात 47 चा पारा पाहिलेल्या नागपूरकरानं फार दचकू नये). एकेक ठिपका जोडत जावं लागतं. क्रायोबलूनमध्ये शिरेच्या तोंडाला फुग्याचं बूच बसवून आत नायट्रस ऑक्साइड सोडतात आणि सगळं वर्तुळ एकदम गोठवतात. दोन्हींत भीती एकच, शेजाऱ्यांना झळ लागण्याची. अलिंदाला लागूनच मागे अन्ननलिका असते.

माझा जीव मात्र तिसऱ्यावर जडलाय: पल्स्ड फील्ड. इथे मारा व्होल्टेजचा, तोही सेकंदाच्या काही लाखांशांपुरता. पेशीचं आवरण जेमतेम 5 नॅनोमीटर जाड. त्यावर 1 व्होल्टचा ताण आला, तर हिशेब मीटरमागे 20 कोटी व्होल्टवर जातो. हवेत ठिणगी उडायला 30 लाख पुरतात! आवरणाला भोकं पडतात, कॅल्शियम आत घुसतं, पेशीची ऊर्जा संपते आणि ती मरते. हृदयाच्या स्नायूपेशी यात लवकर हार मानतात, अन्ननलिका बरीचशी तग धरते. शिवाय पेशी मेल्या तरी त्यांना धरून ठेवणारा कोलॅजनचा सांगाडा उभा राहतो.

पण नवं म्हणजे सरसच, असं नाही. 2023 च्या अ‍ॅडव्हेंट चाचणीत हे तंत्र जुन्या दोन्हींपेक्षा कमी पडलं नाही, एवढंच दिसलं. तांबड्या पेशी फुटणं, हृदयाची धमनी आकसणं हे याचे स्वतःचे धोके. काकूंच्या हातातल्या तांब्याच्या कड्याला तर कुठल्याच चाचणीचा त्रास नाही.

"मग रक्त पातळ करायच्या गोळ्या सुटतील ना?"

लगेच नाही, काका. निदान दोन महिने चालूच. पुढचं पक्षाघाताचा धोका किती, त्यावर. ठोका सुधारला म्हणून आपल्या मनानं बंद करायच्या नाहीत.