सरकवाढ (कल्पित घटना)

सरकवाढ ही ‘करवीरमंडळ’ या कल्पित विश्वात घडणारी घटना आहे. कोल्हापुरातल्या रंकाळा तलावाकाठचा दगडी नंदी पाण्याच्या दिशेने जितका सरकतो, तितकीच मधली भुई वाढते. त्यामुळे तो रोज चालतो, पण पोचत नाही. मंडळातला बाकीचा भूगोल आजच्या कोल्हापूरचाच आहे: गंगावेश, महाद्वार, संध्यामठ, शालिनी पॅलेस. वाढ होते ती फक्त नंदी आणि तलाव यांच्यामधल्या पट्ट्यात.

मूळ धागा कोल्हापुरात घरोघरी सांगितल्या जाणाऱ्या आख्यायिकेचा आहे. नंदी रोज एक गहू पुढे सरकतो आणि एक तांदूळ मागे येतो; ज्या दिवशी तो रंकाळ्याला लागेल त्या दिवशी प्रलय. आख्यायिका इथेच थांबते. मंडळातल्या कथा मात्र हिशोबाला बसतात. गव्हाचा दाणा सहा मिलिमीटर धरला आणि तांदूळ पाच, तर दिवसाला एक मिलिमीटर निव्वळ पुढे. म्हणजे वर्षाला साडेछत्तीस सेंटिमीटर आणि शंभर वर्षांत साडेछत्तीस मीटर. एवढ्या वेगाने नंदी कधीच पाण्यात उतरला असता. तो उतरला नाही, याचे कारण म्हणजे सरकवाढ.

तांदूळ कोणता, हा प्रश्न वरवर गमतीचा वाटतो, पण सगळे विश्व त्यावरच उभे आहे. मंडळात आजऱ्याचा घनसाळ प्रमाण मानतात. या सुवासिक तांदळाला २०१६ साली भौगोलिक मानांकन मिळाले आहे आणि त्याचा दाणा आखूड असतो. बासमतीचा दाणा साडेसहा मिलिमीटरांहून लांब. तो मोजायला घेतला तर नंदी रोज मागेच जाईल, भुई आकसू लागेल आणि काठावरची घरे एकमेकांत शिरतील. म्हणून पट्ट्यात बासमती शिजवायलासुद्धा बंदी आहे. लग्नाच्या पंगतीतही मसालेभात घनसाळाचाच.

मोजणीचे काम मापाऱ्यांच्या घराण्याकडे असते. पहाटे मापारी नंदीच्या खुरापुढे गहू ठेवतो आणि शेपटीमागे तांदूळ. दाणे रोज पट्ट्याबाहेरून आणावे लागतात. आत मुक्काम केलेला दाणा भुईबरोबर ताणला जातो आणि त्याचे माप खोटे पडते. जमीन मोजायच्या जरीब-साखळीचेही तेच होते. तेहेतीस फुटांची साखळी पट्ट्यात अंथरली की तीही लांबते, त्यामुळे सरकारी मोजणीत गुंठा कायम गुंठाच भरतो आणि वाढ कागदावर कधीच येत नाही.

मंडळातल्या सर्वांत चांगल्या कथा इथून निघतात. वाढलेली जागा कुणाची? ती दोन घरांच्या भिंतींमध्ये बोळ म्हणून उगवते, कधी माजघर आणि परसू यांच्यामध्ये बिनखिडकीची खोली म्हणून. तिला सिटी सर्व्हे नंबर नसतो, पोटहिस्सा नसतो. त्यामुळे भाऊबंदकीला ऊत येतो. एका कथेत दोघे भाऊ बोळावरून कोर्टात जातात. तारखा पडत राहतात, बोळ रुंदावत राहतो आणि निकालाच्या दिवशी तिथे भाडेकरू राहत असतात. प्रलयाच्या कथा यापुढे फिक्या वाटतात. त्यांतला नंदी फारच मोठ्याने बोलतो.

पट्ट्यातल्या रहिवाशांना वाढ मोजून कळत नाही, ती जिभेला कळते. कोल्हापुरात म्हैस समोर पिळून धारोष्ण दूध पिण्याची जुनी सवय आहे. मंडळात गवळी म्हशीजवळ धार काढतो आणि पेला पट्ट्यापलीकडच्या गिऱ्हाइकाला नेऊन देतो. वर्षागणिक तो पेला थोडा अधिक निवलेला पोचतो. म्हातारी माणसे दुधाच्या उबेवरून साल सांगतात.

सरकवाढीचा प्रकाशाशी असलेला संबंध वादग्रस्त आहे. अंबाबाईच्या देवळात ९, १०, ११ नोव्हेंबर आणि ३१ जानेवारी, १, २ फेब्रुवारी या दिवशी किरणोत्सव होतो. मावळतीची किरणे महाद्वारातून आत येऊन देवीच्या चरणांपासून मुखापर्यंत चढतात. प्रत्यक्षात वाटेतल्या बांधकामांमुळे ती अडतात, अशी तक्रार होत आली आहे. मंडळात किरणे कमरेशी थांबली की पुजारी इमारतींना दोष देतात आणि मापारी भुईला. दोन्ही बाजू पटण्याजोग्या ठेवल्या आहेत, आणि त्या तशाच राहू द्याव्यात असे प्रस्तुत नोंदकाराचे मत आहे.

पावसाळ्यात नियम उलटा चालतो. रंकाळा भरला की संध्यामठ पाण्यात जाऊ लागतो आणि तलावच नंदीकडे सरकतो. भुई फक्त नंदीच्या चालीला उत्तर देते, पाण्याच्या नव्हे. त्यामुळे आषाढ-श्रावणात मापारी पाण्याच्या कडेलाही दाणे मांडतो. काही कथांत तो या दिवसांत गहू ठेवतच नाही, नुसते तांदूळ ठेवतो. हे नियमात बसते की नाही यावर मंडळातल्या कथांचे एकमत नाही.