इस्रायलच्या राजचिन्हातल्या मेनोराच्या (सात फांद्यांच्या ज्यू दीपाच्या) बैठकीवरून झालेला वाद: ज्यू कलेतल्या प्रतीकांची थोडी पार्श्वभूमी

ज्यू म्हटलं की आपल्याला पहिला आठवतो तो सहा टोकांचा तारा, पण कलेच्या इतिहासात शोधायला गेलं तर त्याचा पत्ता फार उशिरा लागतो. इस्रायलमधल्या कफर्नहूमच्या जुन्या सिनेगॉगच्या (ज्यूंच्या प्रार्थनाघराच्या) दगडात तो कोरलेला आहे खरा, पण तिथे त्याच्या जोडीला पाच टोकांचा ताराही आहे आणि स्वस्तिकही, म्हणजे निव्वळ नक्षी. तसं बघितलं तर हा सहा टोकांचा तारा आपल्या पूजेच्या यंत्रांमध्येही आहे आणि दिल्लीच्या हुमायूनच्या कबरीवरही आहे. मध्ययुगात तो ताईत-गंड्यांवर आला, १६ व्या शतकात प्रागच्या ज्यू छापखान्यांच्या पुस्तकांवर आला, आणि १९ व्या शतकात ख्रिश्चनांचा क्रॉस तसा आमचा काय, या प्रश्नाला उत्तर म्हणून युरोपभर सिनेगॉगांवर चढला. मग १८९७ ची बाझेलची झायोनिस्ट (ज्यू राष्ट्र मागणाऱ्यांची) काँग्रेस, मग नाझींनी कपड्यांवर शिवायला लावलेला पिवळा तारा, आणि २८ ऑक्टोबर १९४८ ला इस्रायलचा झेंडा. एवढ्या शे-दीडशे वर्षांत त्याला जे वजन आलं ते आधीच्या हजार वर्षांत नव्हतं.

खरं जुनं प्रतीक म्हणजे मेनोरा, सात फांद्यांचा दीप. इ.स.पू. ४० ते ३७ मध्ये राज्य केलेल्या हस्मोनी या ज्यू घराण्यातल्या शेवटच्या राजाच्या नाण्यांवर तो आहे, रोमच्या ज्यू भुयारी दफनभूमींत आहे, जमिनीवरच्या मोझेकांमध्ये (रंगीत खडे बसवून केलेल्या चित्रांमध्ये) तर ठिकठिकाणी आहे. मूर्तीला बंदी म्हणजे चित्रंच नाहीत असा बऱ्याच जणांचा समज असतो, तो सीरियातल्या दुरा युरोपोसच्या सिनेगॉगने कधीच मोडीत काढलाय, तिथे २४४-४५ च्या सुमाराच्या भिंतभर बायबलच्या गोष्टी रंगवलेल्या सापडल्या, माणसांसकट. तालमूदमध्ये, म्हणजे ज्यूंच्या धर्मनियमांच्या ग्रंथात, जेरुसलेमच्या मंदिरातल्यासारखा सात फांद्यांचा खराखुरा दीप घडवायला मनाई आहे, आणि गंमत म्हणजे त्याच समाजाने त्याची चित्रं मात्र थडग्यापासून दिव्यापर्यंत सगळीकडे काढली.

आता मुख्य भानगड. जून १९४८ मध्ये इस्रायलच्या नव्या सरकारने झेंडा आणि राजचिन्हासाठी डिझाइन मागवले, १६४ जणांनी ४५० डिझाइन पाठवले, आणि त्यातलं राजचिन्ह म्हणून काहीच पसंत पडलं नाही म्हणून परत मागवले. शेवटी ज्या दोन ग्राफिक डिझायनर भावांचं काम पुढे गेलं त्यांनी मुळात एक आधुनिक, साध्या रेषांचा मेनोरा काढला होता, दोन बाजूंना ऑलिव्हच्या फांद्या आणि वर सात तारे. ऑलिव्ह आले बायबलमधल्या जखऱ्या या संदेष्ट्याच्या दृष्टांतातून, तिथे दीपाच्या दोन्ही अंगांना ऑलिव्हची झाडं आहेत, आणि १३०० च्या आसपास स्पेनमध्ये लिहिलेल्या सर्व्हेरा बायबल या हिब्रू हस्तलिखितात हेच चित्र सोनेरी रंगात अख्खं पान भरून आहे. तारे आले ज्यू राष्ट्राच्या झेंड्यासाठी १८९६ मध्ये मांडलेल्या एका प्रस्तावातून, पांढऱ्या झेंड्यावर सात सोनेरी तारे, दिवसाच्या सात तास कामाचे. कमिटीने तारे काढून टाकले, आणि साधा मेनोरा बाजूला ठेवून त्याजागी रोममधल्या टायटसच्या कमानीवरचा मेनोरा घ्यायला लावला. १० फेब्रुवारी १९४९ ला ते मंजूर झालं.

टायटसची कमान म्हणजे काय हे वेगळं सांगायला नको. इ.स. ७० मध्ये जेरुसलेमचं मंदिर जाळून लुटून नेलं, त्या विजयाच्या मिरवणुकीत रोमन सैनिक मेनोरा खांद्यावर घेऊन चाललेत असं ते शिल्प, साधारण इ.स. ८१ चं. रोमच्या ज्यूंनी परंपरेने या कमानीखालून जायचं नाही असा नेम पाळला होता. कमिटीचा हिशोब समजण्यासारखा आहे, तिथे लुटीत गेला तो इथे परत आला, आणि शिवाय मंदिर पडल्यावर दहा-बारा वर्षांच्या आत कोरलेलं दुसरं इतकं तपशीलवार चित्रही नव्हतं. कागदावर ऐकायला हे जोरदार वाटतं.

पण तेव्हाच्या मुख्य धर्मगुरूंनी लगेच हरकत घेतली. त्यांचं बोट मेनोराच्या फांद्यांवर नव्हतं, बैठकीवर होतं. कमानीवरच्या मेनोराची बैठक दोन थरांची आणि पैलूदार आहे, आणि पैलूंवर गरुड आणि समुद्री ड्रॅगन कोरलेत. ज्यू परंपरेत मेनोरा तीन पायांवर उभा असतो, १२ व्या शतकातल्या मोठ्या शास्त्रकारानेही तीनच पाय सांगितलेत. आणि ड्रॅगनचं चित्र असलेलं भांडं सापडलं तर ते समुद्रात फेकून द्यावं असं मिश्नात (तालमूदच्या सर्वांत जुन्या भागात) स्पष्ट लिहिलंय. मग देवाच्या मंदिरातल्या दीपाखाली ड्रॅगन कसे? त्यांचं म्हणणं होतं की ही बैठक परक्या हातांनी बनवलेली आहे आणि ती नव्या राज्याच्या माथ्यावर घ्यायला नको होती.

बचाव करणाऱ्यांनीही कमी किस काढला नाही. एका जुन्या नियमसंग्रहात मानेवर काटे असलेला ड्रॅगन निषिद्ध आणि गुळगुळीत मानेचा चालतो असा फरक केलाय, आणि कमानीवरचे ड्रॅगन जवळून बघितले तर मान गुळगुळीत आहे! तशाच समुद्री प्राण्यांची नक्षी तुर्कीतल्या दिदिमाच्या अपोलो मंदिरात खांबांच्या बैठकींवर आहे, त्यावरून काहींनी असं मांडलं की रोमन वळणाची ही बैठक रोमनांच्या हाताखालच्या हेरोद राजाने मंदिरातच बदलून घेतली असेल, प्राणी तेवढे सौम्य करून. त्यात त्या मिरवणुकीचं वर्णन करणारा ज्यू इतिहासकार लिहून गेलाय की हा दीप आम्ही वापरतो त्यापेक्षा वेगळ्या घडणीचा होता, आता ‘आम्ही वापरतो’ म्हणजे मंदिरात की घरात यावर अभ्यासक अजून भांडतायत.

माझ्या मते धर्मगुरूंचा मुद्दा सरस होता. समईची बैठक बदलली की समईच वेगळी दिसते, तसंच हे. आणि पर्याय नव्हता असंही नाही, इस्रायलमधल्या बेथ अल्फाच्या सिनेगॉगचा मोझेक १९२९ मध्येच उकरून झाला होता (शेजारच्या किबुत्झवाले, म्हणजे सामुदायिक शेतीवस्तीतले लोक, पाण्याचा पाट खणत होते तेव्हा लागला), त्यात तीन पायांचे मेनोरा छान दिसतात, शोफार (मेंढ्याच्या शिंगाचा कर्णा) आणि एत्रोग (सणाचं लिंबासारखं फळ) यांच्यासकट. पण त्याच मोझेकच्या मधोमध राशिचक्र आणि रथातला सूर्यदेव आहे, त्यामुळे शुद्धतेच्या वादात त्याचं नाव कोण घेणार.

पुढचं बघा. हरकत घेणाऱ्या त्या धर्मगुरूंचा मुलगा १९८३ मध्ये इस्रायलचा राष्ट्रपती झाला आणि नातू २०२१ मध्ये, आणि राष्ट्रपतींच्या निळ्या ध्वजावर तोच मेनोरा आहे, त्याच बैठकीचा.

पुरावे मात्र मागाहून येत राहिले. १९६९ मध्ये जेरुसलेमच्या जुन्या शहरात एका घराच्या गिलाव्यावर खरवडलेला मेनोरा मिळाला, मंदिर उभं असतानाच्या काळातला, त्याची बैठक त्रिकोणी. २००९ मध्ये गालील सरोवराकाठच्या मग्दालाच्या सिनेगॉगमध्ये एका कोरीव दगडावर मेनोरा निघाला, तोही मंदिर पडण्याआधीचा. २०१२ मध्ये न्यूयॉर्कच्या एका विद्यापीठाच्या टीमने कमानीवरच्या मेनोराची तपासणी केली तेव्हा पिवळ्या गेरूचे कण मिळाले, म्हणजे तो मुळात सोनेरी दिसावा म्हणून रंगवलेला होता.

कोकणातल्या बेने इस्रायली ज्यूंच्या घरी यातलं फारसं काही नाही, तिथे जास्त करून भिंतीवर एलियाहू हन्नाबी या संदेष्ट्याचं अग्निरथातलं चित्र, आणि अलिबागजवळच्या खंडाळ्याला खडकावर त्याच्या रथाच्या खुणा दाखवतात. राजचिन्हाच्या बैठकीशी त्या खुणेला काही देणंघेणं नाही.

आता तर भांडण बैठकीवरून फांद्यांवर सरकलंय. त्याच १२ व्या शतकातल्या शास्त्रकाराच्या हस्तलिखितात फांद्या सरळ तिरक्या रेषांनी काढल्यात, गोल नाहीत, आणि त्याच्या मुलानेही त्या सरळच असल्याचं लिहून ठेवलंय. १९८२ पासून न्यूयॉर्कच्या एका मोठ्या हसिदी (कर्मठ ज्यू) पंथाने ते उचलून धरलं, म्हणून हनुकाला (ज्यूंच्या दिव्यांच्या सणाला) जगभर चौकाचौकांत त्यांचे जे भलेमोठे नऊ दिव्यांचे स्टँड उभे राहतात त्यांचे हात सरळ तिरके असतात, आणि गोल फांद्या ही टायटसच्या कमानीचीच देणगी असं त्या पंथात सांगतात. पण गिलाव्यावरच्या त्या त्रिकोणी बैठकीच्या मेनोराच्याही फांद्या गोलच आहेत.