विराणी

विराणी (मूळ संस्कृत शब्द : विरहिणी) हा मराठी संतकाव्यातील एक रचनाप्रकार. प्रियकरापासून दुरावलेल्या स्त्रीच्या तोंडून ही रचना बोलते. प्रियकर बहुधा विठ्ठल किंवा कृष्ण असतो, आणि कवी पुरुष असला तरी बोलणारी बाईच असते. गौळण आणि विराणी या सख्ख्या बहिणी म्हणता येतील. गौळणीत कृष्ण आसपास असतो, वाट अडवतो, मडकी फोडतो, आणि तक्रारीतून लाड व्यक्त होतात. विराणीत तो नसतो. त्याचे नसणे हाच तिचा विषय असतो. प्रेमातली निष्ठा सांगायची ही मराठीतली फार जुनी रीत. तिची ताकद आक्रोशात नाही. वाट पाहणाऱ्या बाईचे हात तेवढ्या काळात काय करतात, तिकडे पाहिले की ती कळते.

विराणीला पूर्वज आहेत. भरताच्या नाट्यशास्त्रातील आठ नायिकांत ‘विरहोत्कंठिता’ आणि ‘प्रोषितभर्तृका’ (जिचा नवरा परगावी गेला आहे अशी) या दोघी भेटतात. पण मराठीच्या दृष्टीने जवळचे घर गाथासप्तशतीचे. सातवाहन राजा हाल याच्या नावावर असलेल्या, महाराष्ट्री प्राकृतातल्या या सुमारे सातशे गाथांत गोदाकाठचा संसार नांदतो. त्यातल्या एका गाथेत नवरा प्रवासाला निघाला आहे आणि बायको दिवस मोजायला बसली आहे. ‘आज गेला, आज गेला, आज गेला’ असे म्हणत ती भिंतीवर रेघा ओढते, आणि पहिल्या दिवसाची पहिली दुपार व्हायच्या आतच सगळी भिंत रेघांनी भरून जाते. रडणे नाही, उपमा नाही. एक भिंत आणि अर्धा दिवस एवढ्यावर गाथा संपते.

कालिदासाच्या मेघदूतातही हेच मोजणे आहे, फक्त घर श्रीमंत आहे. वर्षभराचा शाप भोगणारा यक्ष रामगिरीवर अडकला आहे. नागपूरजवळचे रामटेक म्हणजेच हा रामगिरी, असे वा. वि. मिराशी यांच्यासह अनेक अभ्यासक मानतात. अलका या यक्षांच्या नगरीत त्याची पत्नी उंबऱ्यावर वाहिलेली फुले जमिनीवर मांडून उरलेले महिने मोजत असेल, अशी कल्पना तो मेघाला सांगतो. शापाचे चारच महिने उरलेले असतात. बाराव्या शतकात हेमचंद्राने आपल्या व्याकरणात अपभ्रंश भाषेची उदाहरणे म्हणून जे दोहे दिले, त्यांतल्या एकात विरहिणी कावळ्याला उडवते आहे. वाळून गेलेल्या हातातून निम्म्या बांगड्या जमिनीवर गळून पडतात. तेवढ्यात नवरा समोर दिसतो, आनंदाने हात भरून येतो आणि उरलेल्या निम्म्या तडकन फुटतात. व्याकरणाचा नियम समजावताना हा दोहा निवडणाऱ्याच्या रसिकतेला दाद द्यावीशी वाटते.

तो कावळा पुढे ज्ञानेश्वरांच्या अंगणात येऊन बसला. ज्ञानेश्वरांच्या (१२७५–१२९६) नावावरील अभंगगाथेतील विराण्या हे या प्रकाराचे शिखर मानले जाते. ‘पैल तो गे काऊ कोकताहे’ या रचनेत कावळा ओरडला की पाहुणा येतो हा घराघरातला समज आहे तसा उचलला आहे. बाई कावळ्याशी सौदा करते. सोन्याने पाय मढवीन, दहीभाताची उंडी तोंडी लावीन, दुधाने भरलेली वाटी ओठाशी धरीन. पण खरे सांग, विठो येईल का? लाच वाढत जाते तशी अधीरता वाढत जाते, आणि ‘अधीर’ हा शब्द कुठेही वापरावा लागत नाही. कावळ्याला घास घालणे मराठी घराला पितरांमुळे ओळखीचे. त्याच घासातून इथे जिवलगाची खबर विचारली जाते.

‘घनु वाजे घुणघुणा’ ही विराणी अधिक खोल जाते. मेघ गरजतात, वारा रुणझुणतो, चांदणे आहे, चंदन आहे, फुलांची शेज आहे. आणि यातले काहीच सोसत नाही. चंदनाची चोळी अंग पोळते. कोकिळेला गप्प करा, असे ती भोवतीच्या बायांना सांगते. इथपर्यंत सगळे संस्कृत काव्याच्या परंपरेतले आहे. थंड वस्तूंनी विरहिणीला चटका बसणे हा ठरलेला संकेतच होता. पण शेवटच्या कडव्यात ती आरशात पाहते आणि तिला आपलेच रूप दिसत नाही : ‘दर्पणीं पाहातां रूप न दिसे वो आपुलें । बापरखुमादेविवरें विठ्ठलें मज ऐसें केलें’. ज्याची वाट पाहायची तो दुसरा कुणी उरला नाही, आणि पाहणारी मी तरी कुठे उरले, असा हा उलगडा आहे. अद्वैताचा सिद्धांत सांगायला इथे एक आरसा पुरला. याच ओळीतली आणखी एक गोष्ट सहसा लक्षात येत नाही. शेजेवर तळमळणारी ही प्रिया सही करते ती ‘बापरखुमादेविवरू’ या मुद्रेने. ज्याच्या मिठीसाठी जीव जातो आहे, त्यालाच ती रखुमाईचा वर आणि आपला बाप म्हणते. वारकऱ्यांना विठ्ठल मुख्यतः माउली म्हणून परिचित. प्रियकराचे नाते त्या मायेला बाजूला सारत नाही, ते तिच्यात मिसळून जाते, आणि म्हणून या शृंगाराला अवघडलेपण येत नाही.

ज्ञानेश्वरीकर्ते आणि अभंगकर्ते ज्ञानदेव एकच की दोन, हा वाद एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस उभा राहिला आणि बराच गाजला. अभंगांची भाषा ज्ञानेश्वरीहून सोपी आणि नवी वाटते हे खरे. पण मुखाने चालत आलेल्या गाण्याची भाषा गाणाऱ्यांबरोबर बदलते, हेही तितकेच खरे. भजनात गौळणींच्या जोडीने विराण्या आजही म्हटल्या जातात. हृदयनाथ मंगेशकर यांच्या संगीतात लता मंगेशकर यांनी गायल्यामुळे ‘घनु वाजे’ आणि ‘पैल तो गे काऊ’ या रचना वारीला कधी न गेलेल्या घरांतही पोहोचल्या.

तुकारामांच्या विराण्यांचा स्वभाव निराळा. त्यांतली स्त्री वाट पाहत दारात थांबत नाही, ती घर सोडून निघते. ‘वाळो जन मज म्हणोत शिंदळी । परि हा वनमाळी न विसंबें’. लोक वाळीत टाकोत, शिंदळ म्हणोत, मी याला सोडणार नाही. ‘आधिल्या भ्रतारें काम नव्हे पुरा’ ही त्यांची पुढची विराणी तर व्यभिचार हा शब्दच अंगावर घेते : पहिला नवरा म्हणजे संसार पुरा पडला नाही, म्हणून दुसऱ्याकडे आले. देहूच्या कुणब्याने गावगाड्यातली सर्वांत कठोर शिवी उचलून निष्ठेची खूण म्हणून मिरवावी, यात मोठे धैर्य आहे. जनाबाईच्या ‘डोईचा पदर आला खांद्यावरी, भरल्या बाजारीं जाईन मी’ या ओळीत हेच आहे. मात्र तिथे बोलणारी खरोखरच एक बाई आणि दासी आहे, त्यामुळे पदर ढळण्याची किंमत वेगळी. कर्नाटकात अक्कमहादेवी, तमिळ प्रदेशात आंडाळ आणि राजस्थानात मीरा यांनी देवालाच नवरा मानले. संप्रदाय वेगवेगळे असले तरी लौकिक मोडण्याची ही किंमत तिघींच्या काव्यात आढळते.

पेशवाईत विरह मंदिरातून फडावर आला. दसऱ्याला सीमोल्लंघन करून फौजा मोहिमेवर निघत, आणि मागे राहिलेल्या तरुण बायकांची तगमग शाहिरांच्या विरहाच्या लावण्यांत भरून आहे. होनाजी बाळा, परशराम, प्रभाकर, सगनभाऊ ही त्यांतली मोठी नावे. बारा महिन्यांच्या क्रमाने विरह सांगण्याची बारमाशीची घडणही या काळात लावणीने वापरली. लावणीतला विरह उघड देहाचा आहे, आणि त्याला भक्तीची झालर लावून समर्थन देण्याची गरज नाही.

जात्यावरच्या ओव्यांत शृंगार कमी आणि काळजी जास्त. कोकणातल्या, घाटावरच्या कितीएक घरांतला पुरुष मुंबईच्या गिरणीत आणि बाई गावी, अशी पिढ्यान्‌पिढ्यांची ताटातूट होती. तिथे ‘कागद’ म्हणजे नवऱ्याचे पत्र. ते वाचायला दुसरा कुणी लागायचा, म्हणून मनातले बोलायला जातेच उरायचे. पहाटेच्या अंधारात, सासू उठायच्या आधी, खुंटा धरून म्हटलेल्या ओवीत कुंकू, चुडा आणि त्याचे खुशाल असणे एवढेच मागणे असते. हे प्रेम स्वतःला प्रेम म्हणत नाही. म्हणून त्याच्या नोंदी साहित्याच्या इतिहासात उशिरा झाल्या. हेमा राईरकर आणि गी पॉइत्वँ यांनी गावोगाव फिरून अशा एक लाखाहून अधिक ओव्या जमवल्या नसत्या, तर त्यांतल्या बऱ्याचशा जात्याबरोबरच थांबल्या असत्या.

आधुनिक कवितेत माधव जूलियन यांच्या ‘विरहतरंग’ या १९२६ च्या खंडकाव्याने विरहाला कॉलेजातल्या तरुण-तरुणीपर्यंत आणले. कुसुमाग्रजांच्या ‘विशाखा’तील (१९४२) ‘पृथ्वीचे प्रेमगीत’ ही मात्र थेट विराणीच्या कुळातली कविता. शुक्र, मंगळ, धूमकेतू दारी येतात आणि पृथ्वी सूर्यावरून नजर हटवत नाही. क्षुद्र शृंगारापेक्षा ‘तुझी दूरता त्याहुनी साहवे’, असे ती म्हणते. जुनी विराणी दूरपण संपावे म्हणून धडपडते. इथे तेच दूरपण पृथ्वीने आपण होऊन पत्करले आहे.

इंदिरा संत यांच्याकडे दूत पाठवायची सोयच नव्हती. त्यांचा आणि त्यांचे पती ना. मा. संत यांचा ‘सहवास’ हा कवितासंग्रह दोघांचा मिळून होता. १९४६ मध्ये ना. मा. संत वारले. १९५१ च्या ‘शेला’पासून पुढे ‘मेंदी’ (१९५५) आणि ‘मृगजळ’ (१९५७) या संग्रहांतली स्त्री ज्याची वाट पाहते तो येणार नाही, हे तिला ठाऊक आहे. अवधी ठरलेला नाही, त्यामुळे भिंतीवर रेघ ओढायची नाही की उंबऱ्याशी फूल मांडायचे नाही. घर, पाऊस, संध्याकाळ तेवढी आहे, आणि त्या संध्याकाळी ती त्याच्याशीच बोलते आहे.