पिस्त्याचा जेलाटो आणि उशिरा आलेलं यंत्र

सिसिलीतल्या एटना ज्वालामुखीवर हिवाळ्यात भरपूर बर्फ पडतो. तो गुहांमध्ये आणि खड्ड्यांमध्ये चेपून भरायचा, वर राखेचा नि पाल्याचा थर द्यायचा आणि उन्हाळ्यात खेचरांवर लादून खाली शहरांत आणायचा, हा तिथला शतकानुशतकं चाललेला धंदा. कातानियाच्या बिशपला त्यातून उत्पन्न मिळे आणि हा बर्फ समुद्र ओलांडून माल्टालाही जाई. त्याच डोंगराच्या पश्चिम उतारावर ब्रोंते हे गाव आहे. तिथे लाव्हाच्या खडकांत पिस्त्याची झाडं उभी आहेत. म्हणजे बर्फही एटनाचा आणि पिस्ताही एटनाचा.

जेलाटो म्हणजे इटालियन धर्तीचं आइस्क्रीम. घरी घुसळणाऱ्या यंत्राशिवाय पिस्त्याचा किंवा हेझलनटचा जेलाटो करणं म्हणजे काहीतरी जुगाड, अशी समजूत दिसते. मला ती पटत नाही. जेलाटोच्या इतिहासात यंत्र फार उशिरा आलं, आणि सुक्या मेव्याचा जेलाटो तर यंत्रावाचून जमण्याजोगाच पदार्थ आहे.

कॅथरीन दे मेदिचीने जेलाटो फ्रान्सला नेला, मार्को पोलोने चीनहून आणला, या गोष्टी सगळीकडे सांगितल्या जातात. त्यांना त्या काळातला पुरावा नाही, तेव्हा त्या सोडून देऊ. खरी गोष्ट मिठापासून सुरू होते. गोड दूध शून्य अंशाला गोठत नाही, साखरेमुळे त्याला त्याहून जास्त थंडी लागते. त्यामुळे नुसत्या बर्फात भांडं ठेवून भागत नाही. बर्फात मीठ घातलं की बर्फ वितळू लागतो, वितळताना आजूबाजूची उष्णता ओढून घेतो आणि मिश्रण उणे वीस अंशांच्या आसपास उतरू शकतं. क्षारांनी थंडावा आणण्याची विद्या जुनी आहे. तेराव्या शतकातल्या इब्न अबी उसैबियाच्या अरबी ग्रंथात सोरा (पोटॅशियम नायट्रेट) या क्षाराचा उल्लेख येतो आणि ऐन-ए-अकबरीतही सोऱ्याने पाणी गार करण्याची रीत दिली आहे. नेपल्सच्या जांबात्तिस्ता देल्ला पोर्ताने सोळाव्या शतकात बर्फ आणि सोरा वापरून वाइन गोठवल्याचं लिहून ठेवलं. त्याच नेपल्समध्ये 1690च्या दशकात अंतोनियो लातिनीने आपल्या पाककृतींच्या ग्रंथात सरबतं गोठवण्याच्या कृती छापल्या. त्यांत दुधाचीही एक आहे.

तेव्हाचं साधन एवढंच: लाकडी बादली, तिच्यात बर्फ नि मीठ, मध्ये धातूचं उभं भांडं. भांडं हाताने गरगर फिरवायचं, थोड्या वेळाने झाकण काढून कडेला धरलेला थर उलथण्याने खरवडून आत मिसळायचा, पुन्हा फिरवायचं. फिलाडेल्फियाच्या नॅन्सी जॉन्सनने 1843 साली याला दांडा आणि आत फिरणारी पाती जोडून पेटंट घेतलं. आपल्याकडे सुट्टीत ज्याच्याभोवती पोरांच्या पाळ्या लागायच्या, तो आइस्क्रीमचा पॉट याच घराण्यातला. विजेवर चालणारं जेलाटोचं यंत्र बोलोन्यात ओतेल्लो कात्ताब्रिगाने 1927 साली आणलं. आणि त्या यंत्राने काय केलं? हाताने कडेचा थर खरवडून पुन्हा थापायची जी हालचाल होती, तिचीच नक्कल.

सुका मेवा इथे चव देण्यापलीकडेही बरंच करतो. पिस्त्यात आणि काजूत जवळपास 45 टक्के, तर हेझलनटमध्ये 60 टक्क्यांच्या आसपास स्निग्धांश असतो. मंद भाजून, तेल सुटेपर्यंत वाटला की त्याचा लोण्यासारखा लगदा होतो, आणि मग वेगळी साय किंवा क्रीम घालायची गरज उरत नाही. हे वाटण मुरलं ते उत्तर इटलीत, पिएमोंतेत. लांगेच्या टेकड्यांवर हेझलनट मुबलक होते, आणि नेपोलियनच्या 1806च्या व्यापारबंदीने कोको महागला तेव्हा तुरीनच्या चॉकलेटवाल्यांनी त्यात हेझलनटची पूड मिसळायला सुरुवात केली, असं सांगतात. 1865च्या कार्निव्हलमध्ये आलेलं जांदुयोत्तो हे चॉकलेट त्यातलंच. जांदुया नावाचा जेलाटो आजही याच जोडीचा असतो.

सिसिलीने दुसरी गोष्ट दिली, ती म्हणजे पिठाची खीर. तिथल्या जेलाटोत बहुधा अंडंही नसतं आणि क्रीमही नसतं. दूध कॉर्नफ्लोअर लावून शिजवतात. बदामाच्या दुधाला पीठ लावून केलेला बियांकोमांजारे तिथे आधीपासून होताच. शिजलेलं पीठ पाणी धरून ठेवतं. पाणी मोकळं राहिलं नाही की बर्फाचे खडे मोठे होत नाहीत, आणि यंत्र घुसळून जे साधतं त्यातला मोठा भाग इथे चुलीवरच साधला जातो. यंत्राचं दुसरं काम हवा भरण्याचं. पण जेलाटोत आइस्क्रीमपेक्षा हवा मुळातच कमी असते. त्यामुळे यंत्र नसल्याची उणीव जेलाटोत कमी भासते.

अर्धा लिटर दुधाला 20 ग्रॅम कॉर्नफ्लोअर, 100 ते 120 ग्रॅम साखर आणि 100 ग्रॅम मेव्याचा लगदा हे प्रमाण घरी नीट बसतं. साखर कमी करण्याचा मोह मात्र टाळावा. ती नुसत्या गोडीसाठी नसते, तिच्यामुळेच जेलाटो दगडासारखा गोठत नाही. मिश्रण पूर्ण गार करून ट्रेमध्ये ओतायचं आणि दर अर्ध्या तासाने काट्याने खरवडायचं, ही जुनी रीत. मला त्याहून पसंत आहे ती बर्फाच्या साच्यात वड्या गोठवून मिक्सरला थोडं थोडं फिरवण्याची. पातं फिरलं की गोठलेले खडे फुटतात. भांडं आधी फ्रीझरमध्ये ठेवावं आणि मिक्सर सलग चालवू नये, नाहीतर वड्या वितळून त्याचं दूध होतं.

आपली मटका कुल्फी याच वाटेने गेलेली आहे. ती कधीच घुसळली जात नाही. दूध आटवून पाणी आधीच उडवायचं, पिस्ता-बदाम घालायचे आणि साचा मिठाच्या बर्फात बुडवायचा. इटलीत पीठ लावलं, इथे दूध आटवलं; दोन्हींचा रोख मोकळ्या पाण्यावर. कोकण-गोव्यातल्या वाचकांनी तर हेझलनट शोधत बसू नये. पोर्तुगीजांनी ब्राझीलहून आणलेल्या झाडाचे काजूगर घरात असतील तर तेच बदामी रंगावर भाजून वाटावेत.

पिस्त्याच्या रंगाबद्दल एवढंच की ब्रोंतेच्या पिस्त्याचा जेलाटोसुद्धा मळकट हिरवा, थोडा तपकिरीकडे झुकणारा असतो. पोपटी दिसला तर रंग घातलेला असण्याची शक्यता जास्त. घरचा फ्रीझर उणे 18 अंशांवर असतो आणि जेलाटो वाढतात उणे 12च्या आसपास, म्हणून खायच्या आधी डबा दहा-पंधरा मिनिटं बाहेर काढून ठेवावा.