कविता वाचताना वाचक कुठे अडतो? साहित्याभ्यासात मानसशास्त्र आणि वाचक कसे आले

१९२०च्या दशकात केंब्रिज विद्यापीठात आय. ए. रिचर्ड्स यांनी एक साधा प्रयोग काही वर्षे चालवला. वर्गात चार-चार कवितांचे छापील कागद वाटायचे. कवीचे नाव द्यायचे नाही, साल द्यायचे नाही आणि जुनी स्पेलिंगेही बदलून टाकायची, म्हणजे काळाचा सुगावा लागू नये. विद्यार्थ्याने आठवडाभरात कविता हवी तितक्या वेळा वाचायची, किती वाचने झाली त्याचा आकडा लिहायचा आणि जे वाटेल ते मोकळेपणाने मांडायचे. एका बैठकीत कितीही वेळा नजर फिरवली तरी ते एकच वाचन धरायचे. लिहिणाऱ्याचे नाव कागदावर नको. कागद गोळा झाले की पुढच्या आठवड्यात रिचर्ड्स त्या कवितांवर आणि त्या कागदांवर व्याख्यान देत.

यातल्या तेरा कविता आणि त्यांवरचे अभिप्राय १९२९ साली ‘प्रॅक्टिकल क्रिटिसिझम’ या ग्रंथात छापून आले. इंग्रजी साहित्य शिकणारी, चांगल्या शाळांतून आलेली ही मुले. पण जॉन डनच्या सुनीताला नाकारणारे स्वीकारणाऱ्यांपेक्षा जास्त निघाले आणि डी. एच. लॉरेन्सच्या ‘पियानो’वर अनेकांनी हळवेपणाचा ठपका ठेवला. कित्येकांना तर कवितेचा सरळ वाच्यार्थही लागला नव्हता.

रिचर्ड्सनी मुलांना नापास करून विषय संपवला नाही. वाचन नेमके कुठे बिघडते, हे त्यांनी कागदांवरून शोधले आणि दहा अडचणी नोंदवल्या. वाच्यार्थ न लागणे ही पहिली. लय कानाला न जाणवणे, प्रतिमा प्रत्येकाच्या डोळ्यांपुढे वेगळी उभी राहणे, कवितेशी संबंध नसलेली स्वतःची आठवण मध्येच घुसणे, ‘आई’, ‘देश’, ‘मृत्यू’ असा शब्द दिसताच आधीपासून तयार असलेली साचेबंद प्रतिक्रिया उमटणे, अतिहळवेपणा आणि त्याच्या उलट भावनेला दिलेला नकार, स्वतःच्या श्रद्धेशी कवितेचे पटते की नाही एवढेच पाहणे, यमक चुकले की कविता पडली असे तंत्राचे आग्रह, आणि शेवटी ‘कविता अशीच असावी’ असे सर्वसाधारण पूर्वग्रह. ही यादी आजही कोणत्याही वर्गातल्या उत्तरपत्रिकांवर ठेवून पाहावी. फारसे काही तिच्याबाहेर उरत नाही.

साहित्याभ्यासात मानसशास्त्र आले ते फ्रॉइडपासून, असे सहसा सांगितले जाते. ते खरे आहे, पण अर्धेच. फ्रॉइडने साहित्याकडे पाहिले ते मुख्यतः लेखकाचे आणि पात्राचे मन उकलण्यासाठी. ‘स्वप्नांचा अर्थ’ या ग्रंथात (१९००) त्याने इडिपस आणि हॅम्लेट शेजारी ठेवले. हॅम्लेट काकाला मारायला कचरतो, कारण काकाने केले ते, म्हणजे बापाला मारून आईशी लग्न, हॅम्लेटच्या स्वतःच्या दडपलेल्या इच्छेत होते, हा फ्रॉइडचा तर्क. अर्नेस्ट जोन्स यांनी १९१० पासून तो वाढवत नेला आणि १९४९ साली त्याचे पुस्तक झाले. या वाटेने पुढे पुष्कळ समीक्षा झाली आणि तिचा ठरलेला दोष लवकरच दिसू लागला: शेक्सपिअरच्या कागदावरच्या पात्राला बालपण देऊन त्याचे निदान करायचे, आणि जे निदान आधीच ठरले आहे तेच प्रत्येक नाटकात सापडायचे.

पण १९०७च्या डिसेंबरात फ्रॉइडने व्हिएन्नात एक व्याख्यान दिले, त्यात वाचकासाठीही एक धागा होता. दिवास्वप्न पाहणारा माणूस आपले स्वप्न दुसऱ्याला सांगू लागला तर ऐकणाऱ्याला कंटाळा येतो किंवा शिसारी येते. लेखक तेच स्वप्न सांगतो तेव्हा आनंद का होतो? फ्रॉइडचे उत्तर असे की लेखक त्यातला स्वार्थी भाग सौम्य करून झाकतो आणि रूपाच्या सौंदर्याची लाच देतो. त्या आनंदाच्या आडोशाने वाचक स्वतःची दिवास्वप्ने निःसंकोच भोगतो. हॅम्लेटच्या निदानापेक्षा हा मुद्दा जास्त टिकाऊ ठरला, असे माझे मत आहे. कारण इथे प्रश्न वाचकाला काय मिळते हा आहे.

केंब्रिजमध्येच मानसशास्त्राच्या बाजूने फ्रेडरिक बार्टलेट वाचणाऱ्याच्या स्मृतीवर काम करत होते. त्यांनी विद्यार्थ्यांना उत्तर अमेरिकेतल्या आदिवासींची ‘भुतांचे युद्ध’ ही लोककथा दोनदा वाचायला दिली. पंधरा मिनिटांनी ती आठवून लिहायला सांगितली आणि पुढे दिवसांच्या, महिन्यांच्या, काहींच्या बाबतीत वर्षांच्या अंतराने पुन्हा. कथा दर खेपेस आखूड होत गेली. शिवाय ती इंग्रजी होत गेली. ‘कनू’ या आदिवासी नावेची साधी ‘होडी’ झाली, सील मारायला गेलेले तरुण मासे धरायला गेले, मरणाऱ्याच्या तोंडून निघालेल्या काळ्या वस्तूचा तोंडाला आलेला फेस झाला. १९३२ साली ‘रिमेम्बरिंग’ या पुस्तकात बार्टलेटनी याला नाव दिले ‘स्कीमा’. माणूस नवी गोष्ट जुन्या सांगाड्यात बसवून लक्षात ठेवतो आणि जे बसत नाही ते गाळतो किंवा बदलतो. ‘कादंबरीत असे आहे’ म्हणून आपण छातीठोकपणे सांगतो आणि पुस्तक उघडल्यावर तसे नसते, त्याचे कारण हेच.

आपल्या परंपरेत ही चौकशी फार आधी झाली होती, तीही नेमकेपणाने. ‘नाट्यशास्त्रा’तले भरताचे रससूत्र विभाव (भावनेची कारणे), अनुभाव (तिची बाह्य चिन्हे) आणि व्यभिचारी भाव (तिच्यासोबत येणारे क्षणिक भाव) यांच्या संयोगातून रसनिष्पत्ती होते असे सांगते. पण रस राहतो कुठे? भट्ट लोल्लटाने तो मूळ पात्रात ठेवला, शंकुकाने प्रेक्षकाच्या अनुमानाचा विषय केला, भट्टनायकाने साधारणीकरणाची, म्हणजे पात्राची भावना कुणा एकाची न राहता सर्वांची होण्याची, कल्पना आणली. इ. स. १०००च्या आसपास काश्मीरमध्ये अभिनवगुप्ताने तो प्रेक्षकाच्या अनुभवातच आणला. काव्याच्या सततच्या अभ्यासाने ज्याच्या मनाचा आरसा स्वच्छ झाला आहे आणि वर्ण्य विषयाशी जो तन्मय होऊ शकतो तो सहृदय, ही त्याची व्याख्या. सहृदय घडतो तो सरावाने, हे तिच्यात स्पष्ट आहे.

अभिनवगुप्ताच्या लेखनातला जो भाग रिचर्ड्सच्या शेजारी ठेवावासा वाटतो, त्याची चर्चा मराठीत व्हायला हवी तेवढी होत नाही. तो म्हणजे ‘अभिनवभारती’ या त्याच्या नाट्यशास्त्रावरील टीकेतली सात रसविघ्ने, म्हणजे रसानुभवातले अडथळे. दाखवलेले संभवनीयच न वाटणे हे पहिले. त्यावर उपाय म्हणून अलौकिक पराक्रम असेल तर रामासारखा प्रख्यात नायक घ्यावा. हे माझे, हे त्याचे, हे अमुक काळातले असे देशकालाचे भान सुटत नाही, हे दुसरे. त्यासाठी पूर्वरंग, म्हणजे नाटकाआधीचे विधी, आणि नटाचा वेश. प्रेक्षक स्वतःच्याच सुखदुःखाने ग्रासलेला असणे, हे तिसरे. त्याला त्यातून बाहेर काढायला गायन, वादन आणि सजवलेला मंडप. चौथे आणि पाचवे म्हणजे प्रतीतीची साधने अपुरी असणे आणि स्पष्टता नसणे. सहावे, गौण गोष्ट प्रधान होऊन बसणे. सातवे संशय: डोळ्यांतले पाणी शोकाचे, आनंदाचे की डोळे आल्यामुळे, हे एकट्या अश्रूंवरून कळत नाही, म्हणूनच सूत्रात ‘संयोग’ हवा.

तिसरे विघ्न आणि रिचर्ड्सची ‘मध्येच घुसलेली आठवण’ यांत जवळीक आहे, पण दोघांना एकच ठरवू नये. अभिनवगुप्तापुढे नाटक आहे आणि त्याचे उपाय प्रयोगात, रंगमंडपात आहेत. रिचर्ड्सपुढे एकटा वाचक आणि छापील कागद आहे, त्यामुळे उपाय वाचकाच्या सवयीतच शोधावा लागतो. मुख्य म्हणजे सर्वसाधारण वाचक प्रत्यक्षात काय करतो याच्या लेखी नोंदी रिचर्ड्सकडे होत्या. आपल्या परंपरेत आदर्श रसिक आहे, पण चुकणाऱ्या रसिकांचे कागद नाहीत.

मराठीत हा प्रश्न आधुनिक वेशात आला तो १९२१ साली, बडोद्याच्या साहित्य संमेलनात. अध्यक्ष न. चिं. केळकर यांनी वाङ्मयानंदाला ‘सविकल्प समाधी’ म्हटले: वाचक स्वतःची भूमिका न सोडता दुसऱ्याच्या भूमिकेत शिरतो, आणि या दुहेरी स्थितीतच आनंद आहे. त्यावर बरीच वर्षे वाद झाला. १९४०च्या दशकात के. ना. वाटवे यांनी ‘रसविमर्श’मध्ये रसव्यवस्था पाश्चात्त्य मानसशास्त्राच्या कसोटीवर तपासली. बा. सी. मर्ढेकरांनी उलट दिशा धरली. सौंदर्य वाचकाच्या लौकिक भावनांत न शोधता त्यांनी ते कृतीच्या लयबद्ध रचनेत, संवाद, विरोध आणि समतोल या तत्त्वांत शोधले.

मर्ढेकरांसारखी रचनेकडे वळलेली दृष्टी अमेरिकेतही जोरात होती. तिथल्या ‘नव्य समीक्षे’तल्या विमसॅट आणि बियर्डस्ली यांनी १९४६ साली लेखकाच्या हेतूवरून आणि १९४९ साली वाचकावरच्या परिणामावरून कृतीची किंमत ठरवणे हे तर्कदोष म्हणून बाजूला काढले. गंमत अशी की याच नव्य समीक्षेने सूक्ष्म वाचनाची रीत रिचर्ड्सच्या वर्गातून उचलली होती. रीत घेतली आणि वाचक वगळला.

वगळलेला वाचक परत आणण्याचे श्रेय मी सर्वप्रथम लुईझ रोझेनब्लॅट यांना देईन. त्यांचे ‘लिटरेचर अॅज एक्स्प्लोरेशन’ १९३८ सालचे, म्हणजे वाचककेंद्री समीक्षेची लाट येण्याच्या तीस वर्षे आधीचे. शिक्षकांनी ते वाचले, समीक्षकांनी फारसे नाही. १९७८च्या पुस्तकात त्यांनी वाचनाच्या दोन बाजू मांडल्या. मुलाने विष प्यायले आहे आणि आई बाटलीवरचे लेबल वाचते आहे. तिला वाचून झाल्यावर हाती उरणारी माहिती हवी आहे. दुसऱ्या वाचनात लक्ष वाचतानाच्या अनुभवावर असते. एकच मजकूर दोन्ही प्रकारे वाचता येतो, आणि कवितेखाली ‘कवीने कोणता संदेश दिला आहे?’ असा प्रश्न छापला की मुले ती लेबलासारखी वाचतात.

जर्मनीत कोन्स्टान्स विद्यापीठात हान्स रॉबर्ट याउस यांनी १९६७ साली ‘अपेक्षांचे क्षितिज’ ही कल्पना मांडली: त्या काळचा वाचक पुस्तक उघडताना ज्या अपेक्षा घेऊन येतो, त्यांची चौकट. १८५७ साली फ्लोबेरची ‘मादाम बोव्हारी’ पुस्तकरूपात आली, पुढच्याच वर्षी एर्नेस्त फेदोची ‘फॅनी’. दोन्हींत व्यभिचाराची कथा. ‘फॅनी’च्या एका वर्षात तेरा आवृत्त्या निघाल्या आणि आज ती संशोधकांपुरती उरली आहे, कारण ती तेव्हाच्या अपेक्षांत चपखल बसत होती. त्यांचे सहकारी वोल्फगांग इझर यांचा भर वाचनाच्या क्रियेवर होता. संहितेत मोकळ्या जागा असतात, प्रकरण संपते, दुसरे सुरू होते, मधले वाचक जोडतो. ‘मोकळी जागा’ म्हणजे काहीही भरा असा मात्र अर्थ नाही. दोन्हीकडचा मजकूर तिच्यावर बंधन घालतो.

या बाजूला सर्वात टोकाचा प्रयोग स्टॅन्ली फिश यांचा. १९७१च्या उन्हाळ्यात न्यू यॉर्क राज्यातल्या बफलो इथे त्यांचे दोन वर्ग एकाच खोलीत लागोपाठ होते. पहिल्या वर्गासाठी फळ्यावर भाषाशास्त्रज्ञांची नावे खालोखाल लिहिलेली होती: जेकब्ज-रोझेनबाउम, लेव्हिन, थॉर्न, हेज, ओमन. दुसरा वर्ग सतराव्या शतकातल्या धार्मिक कवितेचा. फिश यांनी नावांभोवती चौकट काढली, वर पान क्रमांक टाकला आणि ही धार्मिक कविता आहे असे सांगितले. मुलांनी लगेच जेकबमध्ये बायबलातली स्वर्गाची शिडी पाहिली, रोझेनबाउममध्ये गुलाबाचे झाड आणि म्हणून मेरी, थॉर्नमध्ये ख्रिस्ताचा काटेरी मुकुट. फिश यांचा निष्कर्ष: अर्थ मजकुरात किंवा एकट्या वाचकात नसतो, तो वाचनाच्या समान सवयी असलेल्या ‘अर्थबोधी समुदाया’त असतो. मला हा निष्कर्ष ओढलेला वाटतो, कारण योगायोगाने ती नावे खरोखरच बायबलाशी जुळणारी होती. पण शिक्षकाने ‘ही कविता आहे’ म्हटल्यावर वर्ग काय करतो, हे यातून कायमचे नोंदले गेले.

बफलोतच नॉर्मन हॉलंड यांनी पाच विद्यार्थ्यांना फॉकनरच्या ‘अ रोझ फॉर एमिली’वर सविस्तर बोलते केले आणि त्यांच्या मनोचाचण्या ताडून पाहिल्या (१९७५). पांढऱ्या वस्त्रांतली एमिली मागे, चाबूक धरलेला बाप पुढे, या एकाच चित्राबद्दल पाचही जण वेगळे बोलले, आणि ते वेगळेपण प्रत्येकाच्या स्वभावाशी जुळणारे होते. इथला धोका उघड आहे: वाचकाचा स्वभाव आधी ठरवला की त्याचे प्रत्येक वाक्य त्याला पुरावा म्हणून चालते. फ्रॉइडवाद्यांनी हॅम्लेटचे जे केले तेच वाचकाचे होऊ शकते. जॅनिस रॅडवे यांनी १९८४ साली वेगळा मार्ग घेतला. अमेरिकेतल्या एका गावातल्या रोमान्स वाचणाऱ्या बायकांना त्यांनी प्रश्नावली दिली, मुलाखती घेतल्या. पुस्तकातल्या मजकुराइतकेच, ‘हा वेळ माझा’ असे घराला सांगता येणे त्या बायकांना मोलाचे होते. संहिता कितीही बारकाईने वाचली तरी हे तिच्यातून निघाले नसते.

प्रयोगशाळेतल्या आकड्यांबाबत मात्र सावध राहावे. २०१३ साली ‘सायन्स’मध्ये किड आणि कास्तानो यांनी दाखवले की दर्जेदार कथेचा लहानसा उतारा वाचल्यावर डोळ्यांच्या छायाचित्रांवरून दुसऱ्याचे मन ओळखण्याची क्षमता वाढते. ही बातमी जगभर गेली. २०१६ मधल्या आणि २०१८ मधल्या फेरतपासण्यांत तो परिणाम मिळाला नाही. मुळात एका उताऱ्याने काही मिनिटांत होणारा बदल शोधणे ही मांडणीच कमकुवत होती. वाचनाने माणूस बदलत असेल तर तो वर्षांच्या सवयीने, आणि अभिनवगुप्ताच्या व्याख्येतला ‘अभ्यास’ हा शब्द तेच सांगतो.

मराठीच्या वर्गात रिचर्ड्सची रीत आजही वापरता येते. खर्च फक्त कागदाचा. पाठ्यपुस्तकात न आलेली, बारा ते वीस ओळींची कविता निवडावी, नाहीतर मुले नाव ओळखतात आणि गाइडमधले वाक्य उतरवतात. लिहून होईपर्यंत चर्चा होऊ देऊ नये. वर्गात एक जण ठामपणे बोलला की उरलेले कागद त्याचेच पडसाद होतात. आधी चार-पाच ओळींत सरळ अर्थ लिहून घ्यावा, मग काय वाटले ते, आणि तिसऱ्या भागात कोणती आठवण आली ते. हे तीन भाग वेगळे ठेवले नाहीत तर आठवण अर्थाच्या जागी जाऊन बसते आणि नंतर सोडवता येत नाही. तपासताना आधी पहिला भाग पाहावा, कारण बरीचशी ‘स्वतंत्र’ मते शब्द न कळल्यामुळे तयार झालेली असतात. आणि या कागदांना गुण देऊ नयेत. गुण आले की शिक्षकाला काय आवडेल याचा अंदाज सुरू होतो आणि ज्या चुकीसाठी एवढा खटाटोप केला, ती चूकच कागदावर येत नाही.