नार्व्हाल: सुळ्यापलीकडचा प्राणी

तुळशीबागेतल्या दुकानांत दप्तरांवर आणि कंपासपेट्यांवर छापलेला युनिकॉर्न पाहिला, तर त्याच्या कपाळावरचे शिंग बहुधा सरळ, निमुळते आणि पिळदार असते. घोडा काल्पनिक असला, तरी हे शिंग एका खऱ्या प्राण्याकडून आलेले आहे. मध्ययुगीन युरोपात उत्तरेकडच्या समुद्रातून येणारे नार्व्हालचे सुळे ‘युनिकॉर्नचे शिंग’ म्हणून विकले जात. विषावर उतारा म्हणून त्यांना मोठी मागणी होती आणि राजेरजवाडे त्यांच्यासाठी प्रचंड किंमत मोजत. डेन्मार्कच्या राजांचे असे सुळे जोडून बनवलेले सिंहासन कोपनहेगनच्या रोझेनबोर्ग किल्ल्यात आजही पाहायला मिळते. ही शिंगे वस्तुतः एका सागरी प्राण्याची आहेत, हे ओले वर्म या डॅनिश वैद्याने १६३८ मध्ये दाखवून दिले. सुळ्याचे कुतूहल त्यानंतरही ओसरले नाही, आणि ज्या प्राण्याचा तो सुळा आहे त्याच्याकडे मात्र त्या मानाने फार थोडे लक्ष गेले.

नार्व्हाल हा दात असलेल्या देवमाशांपैकी एक आहे. सुटीत कोकणात जाणारे पुणेकर मुरूड-हर्णैच्या किंवा तारकर्लीच्या किनाऱ्यावर जे डॉल्फिन पाहतात, तेही याच मोठ्या गटातले. नार्व्हालचा सर्वांत जवळचा नातेवाईक म्हणजे पांढरा बेलुगा. ‘मोनोडोंटिडी’ या कुळात आज या दोनच प्रजाती उरल्या आहेत. पूर्ण वाढलेल्या नार्व्हालचे शरीर, सुळा वगळता, चार ते साडेपाच मीटर लांब असते आणि मोठ्या नराचे वजन दीड टनाच्या आसपास भरते. पिल्लू जन्मते तेव्हा राखाडी असते. पुढे अंगावर काळेपांढरे ठिपके उमटतात आणि म्हातारा नर जवळजवळ पांढरा होतो. पाठीवर पर नसतो, त्या जागी केवळ एक बसका कंगोरा असतो. बर्फाच्या छताखाली पोहणाऱ्या प्राण्याला उंच पर अडचणीचाच ठरला असता. कॅनडाचा ईशान्य भाग, ग्रीनलंड आणि तिथून पूर्वेला स्वालबार्ड व रशियापर्यंतचा आर्क्टिक समुद्र एवढेच त्याचे जग आहे.

सुळा म्हणजे वरच्या जबड्यातला डावीकडचा दात. तो नराच्या ओठातून थेट बाहेर येतो, डावीकडे पीळ घेत वाढतो आणि तीन मीटरपर्यंत लांब होऊ शकतो. बहुतेक माद्यांना तो येत नाही; क्वचित एखाद्या नराला दोन सुळे असतात. तोंडात मात्र कामाचा एकही दात नसतो आणि भक्ष्य चावण्याऐवजी नार्व्हाल ते पाण्यासकट ओढून गिळतो.

पुण्यातल्या एका शाळेत या प्राण्याविषयी बोलत असताना सहावीतल्या एका मुलीने विचारले होते, “एवढा मोठा दात थंडगार पाण्यात ठणकत नाही का?” हा प्रश्न अगदी नेमका होता, कारण मार्टिन न्विया या अमेरिकी दंतवैद्याने अनेक वर्षे त्याच दिशेने संशोधन केले आहे. आपल्या दातावर कठीण एनॅमलचे कवच असते. हिरडी खाली सरकून आतला भाग उघडा पडला, की थंड पाणी लागताच कळ येते, कारण एनॅमलखालच्या दंतिन या थरातल्या सूक्ष्म नलिकांमधून ती जाणीव नसांपर्यंत पोहोचते. नार्व्हालच्या सुळ्यावर एनॅमल नसतेच. लक्षावधी नलिका बाहेरच्या पृष्ठभागापासून आतल्या नसांपर्यंत खुल्या असतात, म्हणजे आपण ज्याला दोष मानू तीच इथली रचना आहे. २०१४ मध्ये प्रसिद्ध झालेल्या प्रयोगात न्विया आणि सहकाऱ्यांनी जिवंत नार्व्हालच्या सुळ्याभोवती पाणी भरता येईल असे आवरण बसवले आणि त्यात आलटून पालटून गोडे व खारे पाणी सोडले, तेव्हा प्राण्याच्या हृदयाचे ठोके बदलले. बर्फ गोठू लागतो तेव्हा भोवतालच्या पाण्याचा खारेपणा वाढतो. तो बदल नार्व्हालला सुळ्यातून जाणवत असावा, असा यामागचा तर्क आहे.

तरीही सुळ्याचे मुख्य प्रयोजन हे असावे, असे मला वाटत नाही. जगण्यासाठी तो अत्यावश्यक असता, तर बहुतेक माद्यांना त्याच्याशिवाय दीर्घकाळ जगता आले नसते. २०२० मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात सुमारे अडीचशे नरांची मोजमापे तपासली गेली. मोठ्या नरांचा सुळा शरीराच्या मानाने प्रमाणाबाहेर लांब असल्याचे त्यात आढळले. हरणाची शिंगे किंवा मोराचा पिसारा यांच्यात दिसणारी ही खूण आहे, म्हणजेच नरांमधल्या चढाओढीची आणि माद्यांच्या पसंतीची. तसे असले, तरी एकच अवयव दोन-तीन कामे करू शकतो. कॅनडाच्या ट्रेम्ब्ले साउंड या खाडीत ड्रोनने टिपलेल्या आणि २०१७ मध्ये प्रसिद्ध झालेल्या चित्रणात नार्व्हाल सुळ्याच्या फटक्याने लहान कॉड माशांना बधिर करून गिळताना दिसतात.

सुळ्यापेक्षा मला अधिक थक्क करतो तो या प्राण्याचा हिवाळा. बहुतेक स्थलांतरी प्राणी थंडी पडली की उबेकडे निघतात. नार्व्हाल मात्र उन्हाळ्यातले मोकळे फियॉर्ड, म्हणजे डोंगरकड्यांमधल्या अरुंद खाड्या, सोडून बॅफिन उपसागराच्या मध्यभागी, दाट बर्फाखाली जातो, कारण त्याचे मुख्य अन्न, म्हणजे ग्रीनलंड हॅलिबट हा मासा, तिथल्या तळाशी असतो. तिथे तो महिनोन्महिने, चोवीस तासांत पंधरा-वीस वेळा, आठशे मीटरपेक्षा खोल बुड्या मारतो आणि गरजेप्रमाणे दीड हजार मीटरच्याही खाली जातो. सिंहगडाचा माथा समुद्रसपाटीपासून जेवढा उंच आहे, त्याहून अधिक खोली तो एका श्वासात गाठून परत येतो, आणि तेही संपूर्ण अंधारात. प्राणवायू साठवणाऱ्या मायोग्लोबिन या प्रथिनाचे त्याच्या स्नायूंमधले प्रमाण विलक्षण जास्त आहे. हे स्नायू वेगापेक्षा सावकाश, दीर्घ श्रमांसाठी बनलेले आहेत. काळोखात वाट दाखवतो तो प्रतिध्वनी. नार्व्हालच्या ध्वनीचा झोत आतापर्यंत मोजलेल्या कोणत्याही प्राण्याच्या झोतापेक्षा अधिक एकवटलेला असतो, आणि त्यामुळे वर परतताना बर्फातली अरुंद भेग त्याला हेरता येते.

ती भेग सापडली नाही, तर मृत्यू अटळ असतो. वारा फिरला आणि पाणी झपाट्याने गोठले, की संपूर्ण कळप एखाद्या लहानशा खळग्याभोवती अडकतो. नोव्हेंबर २००८ मध्ये कॅनडातल्या पाँड इनलेट या इनुइट, म्हणजे आर्क्टिकमधल्या मूळ रहिवाशांच्या, वस्तीजवळ ६०० हून अधिक नार्व्हाल असे अडकले. त्यांच्या सुटकेची आशा उरली नाही, तेव्हा स्थानिकांनी त्यांची शिकार केली. अशा घटना पूर्वीही घडत आल्या आहेत. मात्र त्यांतल्या अलीकडच्या काही घटनांचा संबंध तेलशोधासाठी समुद्रात केल्या जाणाऱ्या भूकंपीय सर्वेक्षणांशी असू शकतो, अशी शंका शास्त्रज्ञांनी मांडली आहे. गोंगाटामुळे कळप ठरलेल्या वेळी निघाले नाहीत आणि बर्फाने त्यांना गाठले, असे त्यामागचे अनुमान आहे.

आवाजाचा या प्राण्यावर होणारा परिणाम आता थेट मोजता आला आहे. पूर्व ग्रीनलंडच्या स्कोर्सबी साउंडमध्ये जाळ्यातून सोडवलेल्या नार्व्हालवर टेरी विल्यम्स आणि सहकाऱ्यांनी हृदयाचे ठोके नोंदवणारी उपकरणे बसवली. २०१७ मध्ये प्रसिद्ध झालेले निष्कर्ष अस्वस्थ करणारे आहेत. घाबरलेला प्राणी जोरजोरात शेपटी मारत खोल पळत होता आणि त्याच वेळी त्याचे हृदय मिनिटाला जेमतेम तीन-चार ठोके देत होते. भीतीने गोठून राहणे आणि जिवाच्या आकांताने पळणे या दोन परस्परविरोधी प्रतिक्रिया एकाच शरीरात एकाच वेळी घडत होत्या. नेहमीच्या बुडीत साधारण निम्मा वापरला जाणारा प्राणवायूचा साठा अशा पलायनात जवळजवळ संपून जातो. पुढे याच फियॉर्डमधल्या प्रयोगांत जहाजाचा आणि भूकंपीय सर्वेक्षणात वापरल्या जाणाऱ्या हवेच्या तोफांचा आवाज वीस-तीस किलोमीटरवरून आला, तरीही नार्व्हालचे वर्तन बदलल्याचे दिसले.

मादीला साधारण तीन वर्षांतून एकदा एकच पिल्लू होते. डोळ्याच्या भिंगातल्या रासायनिक बदलांवरून वय मोजण्याच्या पद्धतीने एका मादीचे वय ११५ वर्षांच्या आसपास निघाले. विशेष म्हणजे नार्व्हालच्या माद्यांना रजोनिवृत्ती येते. माणूस आणि दात असलेल्या देवमाशांच्या मोजक्या प्रजाती सोडल्या, तर हे वैशिष्ट्य सस्तन प्राण्यांत जवळपास आढळत नाही. अशा प्राण्यांची संख्या एकदा घसरली, की ती भरून यायला पिढ्या जातात.

आंतरराष्ट्रीय निसर्ग संवर्धन संघाने २०१७ मध्ये नार्व्हालला ‘किमान चिंता’ या वर्गात ठेवले आणि प्रौढ प्राण्यांची संख्या १,२३,००० मानली. आकडा खरा असला, तरी तो वाचून निश्चिंत होणे चुकीचे आहे, असे माझे ठाम मत आहे. प्रत्येक कळप पिढ्यान् पिढ्या त्याच फियॉर्डमध्ये उन्हाळा घालवतो. त्यामुळे एका ठिकाणचे नार्व्हाल नाहीसे झाले, तर दुसरीकडचे तिथे येऊन वसतील याची शाश्वती नाही. आग्नेय ग्रीनलंडमधले कळप इतके रोडावले आहेत, की तिथली शिकार पूर्ण थांबवावी असा सल्ला शास्त्रज्ञांनी वारंवार दिला आहे. दुसरीकडे बर्फ मागे हटतो आहे, तसतसे किलर व्हेल पूर्वी बंद असलेल्या समुद्रात शिरू लागले आहेत. ते आसपास असेपर्यंत नार्व्हाल चारा सोडून किनाऱ्याला चिकटून राहतात. आहारातला बदल तर खुद्द सुळ्यात लिहिला जातो, कारण झाडाच्या वलयांप्रमाणे त्यात दरवर्षी एक थर वाढतो. वायव्य ग्रीनलंडमधल्या दहा सुळ्यांच्या थरांवरून २०२१ मध्ये शास्त्रज्ञांनी दाखवले, की बर्फ घटत गेला तसा या प्राण्यांचा आहार बदलला आणि २००० नंतर त्यांच्या शरीरातला पारा वाढत गेला.

हे सारे पुण्यापासून फार दूरचे वाटेल. परंतु पाषाणच्या भारतीय उष्णदेशीय हवामानविज्ञान संस्थेत मॉन्सूनचा अभ्यास होतो, तेव्हा ध्रुवाकडच्या बर्फाकडे दुर्लक्ष करता येत नाही. स्वालबार्डमध्ये २००८ पासून भारताचे ‘हिमाद्री’ संशोधन केंद्र आहे आणि २०१३ पासून भारत ध्रुवाजवळच्या देशांच्या आर्क्टिक परिषदेत निरीक्षक आहे. जहाजवाहतूक आणि पाण्याखालचा गोंगाट हे विषय तिथे चर्चिले जातात. या चर्चेत आपल्या देशाने हवामानाइतकीच आस्था तिथल्या जिवांविषयीही दाखवावी, अशी माझी अपेक्षा आहे.

कारण हा प्रश्न सुटण्याजोगा आहे. पाँड इनलेटजवळच्या एक्लिप्स साउंडमध्ये गेल्या दशकाच्या मध्यापर्यंत उन्हाळ्यात दहा हजारांच्या घरात नार्व्हाल येत. २०२१ च्या पाहणीत ते तीन हजारांहून कमी भरले. काही कळप शेजारच्या ॲडमिरल्टी इनलेटकडे सरकले असावेत. याच जलमार्गाने २०१५ पासून एका लोहखनिज खाणीची जहाजे ये-जा करतात. खाणीच्या विस्ताराचा प्रस्ताव पुढे आला, तेव्हा पाँड इनलेटच्या इनुइट शिकाऱ्यांच्या संघटनेने, ज्यांचे अन्न आणि संस्कृती नार्व्हालशी बांधलेली आहे, त्याला ठाम विरोध केला. नोव्हेंबर २०२२ मध्ये कॅनडाच्या सरकारने तो विस्तार नाकारला. जहाजांचा वेग कमी ठेवणे, उन्हाळ्यातल्या फेऱ्या मर्यादित करणे आणि कळप फियॉर्डमध्ये शिरत असताना मार्ग मोकळा सोडणे यासाठी कोणत्याही नव्या शोधाची वाट पाहावी लागत नाही.