काँग (आयर्लंड)

काँग : आयर्लंडच्या पश्चिमेकडील कॉनॉक्ट प्रांतातील एक लहान गाव. मेयो परगण्याच्या दक्षिण टोकाला, गॉलवेच्या हद्दीलगत ते वसले आहे. उत्तरेस लॉख मास्क आणि दक्षिणेस लॉख कॉरिब ही दोन विस्तीर्ण सरोवरे असून त्यांच्यामधील जमिनीच्या चिंचोळ्या पट्टीवरून गावाला आयरिश भाषेत ‘कुंगा’ हे नाव पडले. जुन्या बखरींत ‘कुंगा फेखीन’, म्हणजे संत फेखीनची चिंचोळी पट्टी, असा उल्लेख येतो. गाव काही मिनिटांत पायी पालथे घालता येईल एवढेच आहे. आयरिश इतिहासातील त्याचे स्थान मात्र मोठे आहे.

ही पट्टी चुनखडीच्या खडकाची आहे. लॉख मास्कची पातळी कॉरिबपेक्षा सुमारे १० मीटर उंच असली, तरी त्याचे पाणी उघड्या पात्रातून खाली येत नाही. ते खडकाच्या भेगांत शिरते, भुयारी वाटांनी वाहते आणि काँगपाशी झऱ्यांच्या रूपाने उसळून वर येते. तेथून सुरू होणारी आखूड काँग नदी कॉरिबला मिळते. गावाजवळच्या ‘पिजन होल’ नावाच्या गुहेत दगडी पायऱ्या उतरून गेल्यास हा भूमिगत प्रवाह डोळ्यांनी पाहता येतो.

येथील पहिला मठ सातव्या शतकात संत फेखीनने स्थापन केला, अशी परंपरा आहे. काही ग्रंथांत ६२० ते ६३० या दशकातील नेमके वर्ष दिलेले आढळते. पण ते आधार बरेच उत्तरकालीन असल्याने ‘सातव्या शतकाचा पूर्वार्ध’ एवढेच म्हणणे अधिक सुरक्षित ठरते. फेखीन ६६५ च्या सुमारास महामारीत मरण पावला, हे सर्वसाधारणपणे मान्य आहे. ११११ च्या राथ ब्रेसलच्या धर्मसभेने कॉनॉक्टमध्ये जी पाच धर्मपीठे नेमली, त्यांत काँगचा समावेश होता. पुढच्या फेररचनेत, म्हणजे ११५२ च्या केल्सच्या सभेत, ते वगळले गेले. बाराव्या शतकाच्या पूर्वार्धात राजा टर्लॉ ओ’कॉनर याने मठाची पुन्हा उभारणी केली व तेथे ऑगस्टिनियन पंथाचे धर्मगुरू आले.

काँगचा क्रूस : गावाचे नाव जगभर पोहोचले ते प्रामुख्याने या क्रूसामुळे. मिरवणुकीत काठीवर बसवून नेण्याचा हा क्रूस सुमारे ७६ सेंमी. उंच आहे. आतला सांगाडा ओक लाकडाचा, त्यावर कांस्याचे पत्रे आणि सोन्याचा मुलामा दिलेली गुंतागुंतीची जाळी. एकमेकांत गुरफटलेल्या प्राण्यांच्या या नक्षीवर स्कँडिनेव्हियातील उर्नेस शैलीची छाप स्पष्ट आहे. मध्यभागी घुमटाकार स्फटिक बसवला असून, ख्रिस्ताला ज्या क्रूसावर चढवले त्याचा अवशेष म्हणून मानला गेलेला तुकडा त्यामागे ठेवलेला असे. तो तुकडा आता नाही. तळाशी एका प्राण्याचे मुख क्रूसाचा दांडा जबड्यात धरून आहे. त्याचे कान, भुवया आणि डोळे इतक्या बारकाईने घडवले आहेत की कारागिराचा हात किती कसलेला होता ते येथेच कळते.

त्याच्या निर्मितीबद्दलची माहिती कडांवरील कोरीव लेखातच आहे. लॅटिन ओळीखेरीज बाकीचा मजकूर आयरिश असून त्यात चार व्यक्तींसाठी प्रार्थना मागितली आहे : ‘आयर्लंडचा ज्येष्ठ’ मुइरेदख ओ’डफी, ज्याने हे काम करविले तो राजा टर्लॉ ओ’कॉनर, ज्याच्या देखरेखीखाली ते झाले तो बिशप डोनल ओ’डफी, आणि प्रत्यक्ष घडवणारा कारागीर मेल ईसा. मध्ययुगीन कारागिराचे नाव असे राजाच्या पंक्तीला टिकून राहावे, ही फार मोलाची गोष्ट आहे.

काळाबद्दल फारसा वाद नाही. पवित्र क्रूसाचा अवशेष ११२३ मध्ये आयर्लंडमध्ये आला, राजाने त्यातील काही भाग मागून घेतला आणि रॉसकॉमन येथे त्यासाठी आवरण घडवले गेले, अशी नोंद टायगरनाखच्या बखरीत आहे. वाद आहे तो स्थळाबद्दल. क्रूस ट्यूमच्या धर्मपीठासाठी होता, म्हणून तो ट्यूमलाच घडला असावा, असे एक मत. परंतु बखरीतील उल्लेख स्पष्ट आहे, आणि लेखात डोनल ओ’डफीला संत कोमानचा, म्हणजे रॉसकॉमनच्या संस्थापकाचा, वारस म्हटले आहे. ही दोन्ही प्रमाणे एकत्र घेता रॉसकॉमनची कार्यशाळाच अधिक संभवते. तो काँगला केव्हा आला, हाही अनुमानाचा विषय. मुइरेदख ओ’डफी ११५० मध्ये काँग येथेच निवर्तला. राजघराण्याचाही मठाशी जवळचा संबंध होता. यांपैकी एका निमित्ताने, बहुधा बाराव्या शतकाच्या उत्तरार्धात, तो येथे आला असावा.

मठ बंद झाल्यावर क्रूस गावातच जपून ठेवला गेला. एकोणिसाव्या शतकाच्या आरंभी येथील धर्मगुरू प्रेंडरगास्ट यांना तो एका घरातील पेटीत मिळाला. १८३९ मध्ये डब्लिनच्या ट्रिनिटी कॉलेजातील गणितज्ञ जेम्स मॅकला यांनी १०० गिनी मोजून तो विकत घेतला आणि रॉयल आयरिश अकॅडमीला दिला. सध्या तो डब्लिनच्या राष्ट्रीय संग्रहालयात आहे.

रुआरी ओ’कॉनर : टर्लॉचा मुलगा रुआरी ११६६ मध्ये आयर्लंडचा महाराजा झाला. तीन वर्षांतच अँग्लो-नॉर्मन आले. ११७५ च्या विंडसरच्या तहाने त्याने इंग्लंडचा राजा दुसरा हेन्री याचे वर्चस्व मान्य केले. पुढे मुलाशी बेबनाव होऊन ११८३ मध्ये तो काँगच्या मठात निवृत्त झाला. मध्ये राज्य परत मिळवण्याचा एक प्रयत्न करून अखेर ११९८ मध्ये तेथेच वारला. त्याची कबर काँगमध्ये दाखवली जाते, पण बखरींनुसार त्याचे दफन क्लॉनमॅक्नॉइझ येथे झाले आणि तेच ग्राह्य धरावे. त्याची मुलगी न्युआला मात्र १२२६ मध्ये काँग येथे वारली व तिचे दफनही येथेच झाले.

मठाचे अवशेष : शिल्लक कोरीव दरवाजे व खिडक्या साधारणपणे तेराव्या शतकाच्या आरंभीच्या मानल्या जातात. मात्र १८५५ नंतर सर बेंजामिन ली गिनेस यांनी वास्तूची डागडुजी करवली. पीटर फॉय या स्थानिक पाथरवटाने ओवरीच्या कमानींचा काही भाग नव्याने घडवला, तर काही कोरीव दगड दुसरीकडे बसवले गेले. फॉयचे काम इतके उत्तम आहे की जुने-नवे वेगळे करताना जाणकारांनाही थांबावे लागते. त्यामुळे एकट्या शैलीवरून कालनिश्चिती करू नये. इंग्लंडच्या आठव्या हेन्रीच्या काळात, १५४२ च्या सुमारास, मठ बंद झाला. जवळच नदीपात्रात दगडी चौथऱ्यावर भिक्षूंचे मासेमारीचे घर आहे. ते पंधराव्या किंवा सोळाव्या शतकातील असावे. जमिनीतल्या चौकोनी भोकातून जाळे खाली सोडत. मासा लागला की दोरीने मुदपाकखान्यातील घंटा वाजे, असे सांगतात.

कोरडा कालवा : १८४५ पासूनच्या बटाट्याच्या दुष्काळात लोकांना काम देण्यासाठी निघालेल्या सरकारी योजनांपैकी ही एक. गॉलवेच्या समुद्रापासून कॉरिबमार्गे थेट मास्कपर्यंत बोटी नेण्याचा बेत होता. गॉलवे शहरातील कालवा १८५२ मध्ये पुरा झाला. काँगच्या पट्टीवर १८४८ पासून खडक फोडणे चालू होते. बोटी वर-खाली नेण्यासाठी जलपाशांच्या दगडी भिंतीही उभ्या राहिल्या. पण सच्छिद्र खडकात पाणी ठरेना आणि १८५४ मध्ये काम थांबले. पाणी सोडले आणि ते गायब झाले, इंजिनिअर थक्क झाले, असा किस्सा पुस्तकांतून वारंवार येतो. तो जसाच्या तसा स्वीकारणे कठीण आहे. भुयारी प्रवाह आणि पिजन होल शेजारीच असताना खडकाचा हा गुण कोणालाच ठाऊक नसेल, हे पटत नाही. तळ गिलाव्याने बंद करण्याचा खर्च, आटलेला निधी आणि रेल्वेची स्पर्धा ही कारणे एकत्र पाहिली पाहिजेत. उपाशी माणसांनी अत्यल्प मजुरीवर खोदलेले ते पात्र आजही आहे. उन्हाळ्यात ते कोरडे असते. हिवाळ्यात त्यातून पुराचे पाणी वाहते.

इतर संबंध : जवळचा अ‍ॅशफर्ड किल्ला मूळ तेराव्या शतकातील डी बर्गो घराण्याचा समजला जातो. १८५२ मध्ये तो मद्यनिर्मितीसाठी प्रसिद्ध असलेल्या गिनेस कुटुंबाने घेतला व वाढवला. १९३९ पासून तेथे हॉटेल आहे. ऑस्कर वाइल्डचे वडील, नेत्रशल्यविशारद सर विल्यम वाइल्ड यांनी १८६५ मध्ये कॉरिबकाठी मॉयतुरा हाउस बांधले. मॉयतुराची पहिली पौराणिक लढाई काँगच्या माळावरच झाली, असे त्यांचे मत होते आणि तेथील दगडी राशी व वर्तुळे त्यांनी कथेतील प्रसंगांशी जुळवली. ही जुळवणी आज फारशी मानली जात नाही. पण त्यांनी केलेली त्या वास्तूंची वर्णने व मोजमापे अजूनही उपयोगी पडतात.

काँगच्या उत्तरेस लॉख मास्क हाउसमध्ये लॉर्ड अर्नचा कारभारी कॅप्टन चार्ल्स बॉयकॉट राहत असे. १८८० मध्ये खंडकपातीच्या मागणीवरून कुळांनी त्याच्याशी सर्व व्यवहार तोडले. पिके काढायला अल्स्टरमधून सुमारे ५० मजूर सैन्याच्या पहाऱ्यात आणावे लागले. बॉयकॉट त्याच वर्षअखेर आयर्लंड सोडून गेला. या प्रकरणातून रूढ झालेले ‘बॉयकॉट’चे तंत्र पुढे हिंदुस्थानातही आले, वंगभंगानंतर लोकमान्य टिळकांच्या चतुःसूत्रीत बहिष्काराला स्थान मिळाले.

जॉन फोर्ड दिग्दर्शित ‘द क्वायट मॅन’ या चित्रपटाचे बरेचसे चित्रीकरण १९५१ मध्ये काँग गावात व अ‍ॅशफर्डच्या आवारात झाले. जॉन वेन व मॉरीन ओ’हारा यांच्या प्रमुख भूमिका असलेला हा चित्रपट १९५२ मध्ये प्रदर्शित झाला आणि तेव्हापासून गावाच्या पर्यटनाचा तो एक मोठा आधार आहे.